रिकामं झालेलं नाव

१

"विद्याधर, बाहेर ये! देवघरातला खंडोबा गेला!"

सयाजी रणनवरे कुंपणापलीकडून ओरडत होता. मी अर्धी दाढी केलेला, गालाला साबण तसाच, बाहेर आलो. साठ सालची संक्रांत नुकतीच होऊन गेली होती आणि बंगळुरात तेव्हा चांगली थंडी पडत असे. सयाजी मात्र उघड्या अंगाने, नुसत्या धोतरावर उभा होता.

"गेला म्हणजे?"

"चोरीला गेला. कुणी नेला ते काय सांगायला हवं? ती बाई लबाड आहे, हे मी पहिल्या दिवसापासून सांगतोय."

चामराजपेठेत रणनवऱ्यांचं घर आणि आमचं घर शेजारी. रणनवरे शहाजीराजांबरोबर इकडे आले, असं ते सांगतात. इतकी वर्षं कानडी मुलखात काढल्यावर त्यांचं मराठी 'ठीक'ला 'सरी' आणि 'जरा'ला 'स्वल्प' म्हटल्याशिवाय पुढे सरकत नाही, पण देव, देवक आणि नावं यांना त्यांनी धक्का लागू दिलेला नाही. सयाजी माझा शाळेपासूनचा मित्र. चिकपेठेत त्याचं कापडाचं दुकान, मी वकील. त्यामुळे त्याच्या घरात मांजराने दूध सांडलं तरी तो मला बोलावतो.

पण हे प्रकरण दुधाचं नव्हतं. सयाजीचा थोरला भाऊ हंबीरराव ऐन तारुण्यात बापाशी भांडून घर सोडून गेला होता. बापाला तो दुकानाच्या गादीवर हवा होता, त्याला मोटारींचं वेड. जाताना देवघरातला खंडोबाचा टाक त्याने उचलून नेला. तळहाताएवढ्या चांदीच्या पत्र्यावर ठोकलेला घोड्यावरचा देव. पुढे वडील, विठोजीराव, वारले. हंबीररावाचा पत्ता नाही. त्याची आई सकवारबाई देवघरात त्या टाकाची जागा रोज पुसायची आणि रिकामी ठेवायची.

आणि या आठवड्यात संकेश्वराकडून शालन नावाची एक तरुण विधवा दोन वर्षांच्या मुलीला कडेवर घेऊन दारात उभी राहिली. मी हंबीररावांची बायको, ते भादव्यात तापाने गेले, असं म्हणाली, आणि पदराच्या गाठीतून तो टाक काढून सकवारबाईंच्या हातात ठेवला. काकूंचे दोन्ही डोळे मोतीबिंदूने गेलेले. त्यांनी बोटांनी देव चाचपला आणि म्हणाल्या, "टाक आमचाच. पण माझा हंबीर गेला हे मी मानणार नाही. कुणी तरी त्याच्याकडून चोरला असेल."

सयाजी मात्र टाकच बनावट असल्याचं म्हणत होता. यावर तोडगा मीच काढला होता. घरात उरलेले टाक आणि हा टाक एकाच सोनारापुढे ठेवायचे. एका घणाखालचे असले तर तो सांगेलच. सयाजी लगेच कबूल झाला. सोनार आज सकाळी यायचा होता, आणि आज सकाळी टाक नव्हता.

"सोनार येणार म्हणून घाबरली आणि लपवला," सयाजी म्हणाला. "मी संध्याकाळच्या पुणे मेलचं तिकीट आणायला माणूस धाडलाय. मुकाट्याने गाडीत बसली तर बसली. नाहीतर राहुकाळ उलटला की फौजदाराकडे जातो."

म्हणजे संध्याकाळपर्यंत त्या पोरीच्या आईपुढे दोनच वाटा होत्या, गाडी किंवा कोठडी. मी तोंड धुतलं आणि त्याच्या मागोमाग गेलो.

२

शालन मागच्या पडवीत भिंतीला टेकून बसली होती. मुलगी मांडीवर झोपलेली. वकिलाला साजेल अशा आवाजात मी सुरुवात केली.

"नवऱ्याचं नाव?"

"हंबीरराव विठोजीराव रणनवरे."

न अडखळता. एका दमात, शाळेत कविता म्हणावी तसं. मी चमकलोच. माझी बायको इंग्रजी कादंबऱ्या वाचते, पण रेशनच्या कचेरीत माझं नाव विचारलं तेव्हा तिने शेजारणीकडून वदवून घेतलं. आणि ही खेड्यातली बाई नवऱ्याचंच काय, सासऱ्याचंही नाव खुशाल घेत होती. जिभेला जरासुद्धा संकोच नाही.

"हे नाव तुला कुणी शिकवलं?" मी सरळच विचारलं.

"तेनीच. जायच्या आदल्या दिशी. तवर मलाबी ठावं नव्हतं. 'बंगळूरला जा, ह्ये नाव सांग, देव परत दे' म्हणाले. माझ्याकडनं घोकून घेतलं."

"म्हणजे नवऱ्याचं खरं नाव तुला लग्नानंतरही माहीत नव्हतं? मग कोणत्या नावाच्या माणसाशी लग्न केलंस?"

"तिकडं येगळं नाव हुतं."

"कोणतं?"

तिने पदर पुढे ओढला आणि मान वळवली.

"अगं, सांग ना. एक नाव तर सांगायचंय."

"न्हाई सांगता येत."

मला मनातून समाधान वाटलं. खोटं बोलणारा माणूस नेमका अशाच ठिकाणी अडतो, हे मी कोर्टात शंभरदा पाहिलेलं. तिने बाकीचं बरंच सांगितलं. हंबीरराव ताप घेऊन गंगव्वा नावाच्या बाईच्या दारात पडला होता. त्या बाईची पोटची पोरं जगली नव्हती. तिनेच त्याला जगवलं, तिनेच त्याचं नाव ठेवलं, तिनेच शालनशी लग्न लावून दिलं. गंगव्वा गेली त्याच वर्षी ही मुलगी झाली, म्हणून तिचं नाव गंगू. हंबीरराव गुळाची लॉरी चालवायचा. मी हे सगळं एका कानाने ऐकत होतो, कारण माझं लक्ष त्या न सांगितलेल्या नावावर होतं.

"इतके महिने गप्प का बसलीस?"

"गप कुठं बसले? नवरात्राच्या आत निरोप धाडला. एक लॉरीवाला दुकानात जाऊन तोंडानं सांगून आला. वाट बघितली. कुणी आलं न्हाई, म्हणून आपणच आले. मला काय नगं वकीलसायेब. पोरीला तिच्या घरचं नाव मिळावं, एवढंच."

मी दारात उभ्या असलेल्या सयाजीकडे पाहिलं. त्याने मान हलवली. "असा कुणी आला नाही."

तेवढ्यात स्वयंपाकघरातून सयाजीची बायको तानूबाई ओरडली, "शालन, त्या कल्लाप्पाला जरा हाक मार गं, रहाटाचा दोर सुटलाय!"

कल्लाप्पा म्हणजे रणनवऱ्यांचा जुना माळी. तो बागेच्या पार टोकाला केळींना आळी करत होता. पडवीतून एक हाक दिली असती तरी काम झालं असतं. पण ही बाई मुलीला तानूबाईकडे देऊन अख्खी बाग ओलांडून गेली, त्याच्याजवळ उभी राहिली आणि हळूच काहीतरी बोलली. त्याने इकडेतिकडे पाहिलं आणि मान डोलावली.

"बघितलंस?" मी सयाजीला म्हटलं. "दोघांचं काहीतरी शिजतंय."

३

माझी थोरली बहीण राजलक्ष्मी मुलींच्या कॉलेजात इतिहास शिकवते. लग्न केलं नाही, आणि माझ्या मते त्याचं कारण असं, की तिला बघायला आलेल्या प्रत्येकाला ती आधी त्याच्या आडनावाचा उगम विचारायची. आडनाव गावावरून आलं, हुद्द्यावरून आलं, की कुणीतरी केलेल्या चेष्टेवरून, हे कळेपर्यंत तिला चैन पडत नाही. आमचं आडनाव मोकाशी. मोकाशाकडे निदान एक गाव तरी असतं. आमच्याकडे आता अर्धं घर आणि अक्का आहे.

ती कॉलेजातून दुपारी आली आणि ऐकताक्षणी, पाणीसुद्धा न पिता, रणनवऱ्यांकडे निघाली. मला राग आला.

"अक्का, हे कोर्टकचेरीचं काम आहे. तिथे आडनावांची व्युत्पत्ती काढू नकोस."

"काढली होती मी यांची," ती चालता चालता म्हणाली. "अंगाची हळद न पुसता लढाईला गेलेला नवरा, तो रणनवरा. सुंदर गोष्ट आहे. आणखी दोन घराणी हीच गोष्ट आपली म्हणून सांगतात."

पहिल्यांदा ती गाठायला गेली नागनाथला. हा निपाणीकडचा, विमानाच्या कारखान्यात फिटर, रणनवऱ्यांच्या परसातल्या खोलीत भाड्याने राहणारा. त्या दिवशी त्याची दुपारची पाळी नव्हती. मला त्याचा संशय होताच. घरातली माहिती शालनला पुरवायची झाली तर त्याच मुलखातला हा माणूस हाताशी होता.

"मी तिला वळखतबी न्हाई, अक्का," नागनाथ घाबरून म्हणाला. "संकेश्वर कुठं, आमचं गाव कुठं! आन् चोरायचंच असतं तर देव कशाला चोरीन?"

अक्काला चोरीत रस दिसेना. "तुझ्या भावंडांची नावं काय?"

"धाकट्याचं गुंडू."

"गुंडू का?"

"आधीची पोरं ऱ्हायली न्हाईत ओ. म्हणून आईनं गुंडू, म्हंजे धोंडा, म्हणून हाक मारली. यम आला तर त्येला वाटावं, हितं माणूस न्हाई, दगड पडलाय. आमच्यात मरता मरता जगलेल्याचंबी तसंच नाव ठेवत्यात. जुनं टाकायचं, दगडाधोंड्याचं ठेवायचं."

"सरी," अक्का म्हणाली आणि उठली. मी घड्याळ बघत होतो. राहुकाळ उलटत आला होता. सयाजी ओसरीवर येरझारा घालत होता आणि तिकीट आणायला गेलेला माणूस परत आला होता.

बागेत माळी कल्लाप्पा आळ्यात पाणी सोडत होता. मी त्याला दरडावून विचारणार तेवढ्यात अक्काने माझा हात दाबला.

"कल्लाप्पा, ती नवीन बाई तुम्हाला काय म्हणून हाक मारते?"

"हाक कुठे मारते अम्मा?" म्हातारा हसला. "सगळी लांबून कल्लाप्पा, कल्लाप्पा ओरडतात. ती येते जवळ, मामा म्हणते. स्वल्प मर्यादा आहे त्या पोरीला."

"सकाळी तुमच्याशी काय बोलली?"

"रहाटाचा दोर सुटलाय, एवढंच."

मला हसू आलं. एवढ्यासाठी अख्खी बाग ओलांडायची? पण अक्का हसत नव्हती. ती उभ्याउभ्या साडीचा पदर बोटाला गुंडाळत होती, आणि ती असं करायला लागली की मला अस्वस्थ व्हायला होतं.

४

सकवारकाकू देवघरासमोर बसल्या होत्या. शेजारी पाळण्यात सयाजीचं बाळ, दिवाळीत झालेलं. काकूंचा एक हात पाळण्याच्या दोरीवर, दुसरा देवघरातल्या त्या पुन्हा रिकाम्या झालेल्या जागेवर.

"काल दिवा लावला तेव्हा होता का टाक?" मी विचारलं.

"होता. मी हात लावला ना! मग सयाजी दुकान नीट बंद झालं का बघायला गेला, आम्ही जेवलो, निजलो. सकाळी हात लावते, तर गार पाट."

अक्का पाळण्यात वाकली. "काय म्हणतोय हंबीर?"

काकूंचा चेहरा आक्रसला. "त्या नावाने नको बोलवू गं त्याला. मी बाळच म्हणते."

"का?"

"जित्या माणसाचं नाव पोराला ठेवू नये. ज्याचं घ्यावं त्याचं आयुष्य उणं होतं. आमच्या घरात कुणी कधी ठेवलं नाही. मी बारशाला रडले. पण सयाजी ऐकेना. म्हणाला, दादाचं नाही, पणजोबांचं ठेवतोय. पणजोबा हंबीररावच होते, ते खरं. मग मी गप्प राहिले."

आम्हा शेजाऱ्यांना तेव्हा त्याचं फार कौतुक वाटलं होतं. घरातून गेलेल्या भावाचं नाव निदान घरात घुमत राहावं म्हणून त्याने ठेवलं, असं सगळे म्हणाले. माझ्या बायकोने तर डोळे पुसले होते.

अक्का मला ओढत बाहेर, पेरूच्या झाडाखाली घेऊन आली. तिचे कान लाल झाले होते.

"विद्या, ती हंबीररावाचीच बायको आहे."

"काय बोलतेस! नवऱ्याचं नाव कशी घेते ते मी स्वतः ऐकलं. गोंदवलेलं असल्यासारखं."

"घोकलेलं असल्यासारखं. ते नाव तिने शेवटच्या एका दिवसात ऐकलं. त्या नावाच्या माणसाबरोबर ती एक दिवससुद्धा राहिली नाही. तिच्या लेखी ते परक्या माणसाचं नाव आहे, आणि 'विठोजीराव' हा कोण सासरा, तो तिने पाहिलाही नाही. तिची जीभ का अडावी? ती कुठे अडते ते बघ. परक्याचं नाव धडाधड घेते, पण या घरातल्या एका माणसाला नावाने हाक मारत नाही. त्याला बोलवायला बाग ओलांडून जाते."

"कल्लाप्पाला?"

"तिचा नवरा कल्लाप्पा होता."

मी टाळीच वाजवली. "म्हणजे सापडलीच की! कुणा कल्लाप्पाची बायको, आणि हंबीररावाची म्हणून मिरवते!"

"वकील आहेस म्हणून सांभाळून घेते तुला," अक्का म्हणाली. "गंगव्वाची पोरं जगत नव्हती. मरायला टेकलेला परका मुलगा तिच्या दारात पडला. तो जगला, तेव्हा तिने त्याला काय नाव ठेवलं असेल? नागनाथ काय म्हणाला? दगडाचं. कानडीत दगडाला काय म्हणतात, ते तुला मी सांगायला हवं का?"

कल्लु. कल्लाप्पा.

"तू विचारलंस, कोणतं नाव, आणि ती गप्प बसली. दुसरं काय करणार होती बिचारी? आणि खोटी असती तर नवऱ्याचं नाव मुद्दाम चारदा टाळून दाखवलं असतं, खऱ्या बायकोसारखं. तुझ्यासमोर तिने ते धडाधड म्हटलं, हाच तिचा खरेपणा."

"मग टाक कुणी नेला?"

"ज्याला तो खरा आहे हे पक्कं ठाऊक होतं, त्याने. खोटा वाटत असता तर सोनार येऊ दिला असता की! सोनारानेच तिला हाकललं असतं." अक्का ओसरीकडे पाहत होती. सयाजी अजून फेऱ्या मारत होता. "राहुकाळ चुकवल्याशिवाय उंबरा न ओलांडणारा हा माणूस. जित्या भावाचं नाव पोराला ठेवलं तर भावाचं आयुष्य तुटतं, असं आई रडून सांगते, आणि तरी ठेवतो. कसं ठेवलं असेल, सांग. पणजोबांचं नाव थोरल्याने घेतलेलं होतं. ते मोकळं कधी होतं?"

बारसं कार्तिकातलं. शालन आली आत्ता, संक्रांतीला. तिच्या तोंडून बातमी येण्याआधी कितीतरी दिवस सयाजीला ठाऊक होतं की ते नाव रिकामं झालंय. लॉरीवाला दुकानात येऊन गेला होता.

"हे सिद्ध कसं करणार?" मी म्हटलं. "नावावरून न्यायाधीश शिक्षा देत नाही."

"दुकानात जा. देव्हारा बघ. हा माणूस देवाला विहिरीत टाकणार नाही, विकणार नाही, कपाटात कोंडणार नाही. जिथे रोज दिवा लागतो अशा ठिकाणीच ठेवला असेल. पळ!"

५

मी पळालो. कोपऱ्यावर जटका मिळाला, म्हणजे आमचा बंगळुरी टांगा, पण घोडं इतकं निवांत होतं की मी अर्ध्यात उतरून चिकपेठेच्या गर्दीत घुसलो. सयाजी माझा मित्र. लहानपणी दोघांनी मिळून चिंचा पाडलेल्या. अक्का चुकलेली असावी, असं मी वाटभर मनात म्हणत होतो.

दुकानात जुना गुमास्ता देवाप्पा गिऱ्हाइकाला खण दाखवत होता. मी चप्पल काढून सरळ गादीमागच्या देव्हाऱ्याशी गेलो. लक्ष्मीची तसबीर, तिच्यापुढे निरांजन. तसबिरीच्या मागे हात घातला आणि बोटांना चांदी लागली.

घोड्यावरचा खंडोबा. त्याच्या अंगावर ताजा भंडारा होता आणि पायाशी शेवंतीचं फूल.

"धनी काल दिवे लागल्यावर परत आले," देवाप्पा मागून म्हणाला. "मला म्हणाले तू जा. एकटेच हात जोडून बसले होते. काही झालंय का वकीलसाहेब?"

मी तसाच बाहेर पडलो. टाक छातीशी धरला होता, आणि मला सयाजीचा इतका राग येत होता की डोळ्यांत पाणी यायला लागलं.

घरी पोचलो तेव्हा शालनचं गाठोडं दारात ठेवलेलं होतं. सयाजी तिकीट पुढे करून उभा, ती मुलीला छातीशी धरून मागे सरकत होती. तानूबाई दाराआड रडत होती. सकवारकाकू भिंतीला धरून ओसरीवर आल्या होत्या.

मी टाक त्यांच्या हातात दिला. त्यांची बोटं घोड्यावरून फिरली, भंडाऱ्याला लागली.

"कुठे मिळाला?"

मी सयाजीकडे पाहिलं. त्याने माझ्या हाताला लागलेला भंडारा पाहिला आणि तिकीट हळूच मुठीत चुरगाळलं.

अक्का शालनजवळ गेली. "पोरी, नाव घेऊ नकोस. नुसती मान हलव. झाडांना पाणी घालणाऱ्या मामांचं जे नाव, तेच का तुझ्या मालकांचं?"

शालनने तोंडात पदर धरला आणि मान हलवली. मग ती उभ्याउभ्या हुंदके द्यायला लागली. त्या घरात आल्यापासून ती रडली नव्हती.

अक्काने काकूंना सगळं सांगितलं. गंगव्वाचं दार, ताप, दगडाचं नाव, लॉरीवाला. बाळाच्या नावापाशी ती थांबली. "काकू, सयाजीने तुमच्या जित्या लेकाचं नाव घेतलं नव्हतं," एवढंच म्हणाली.

काकूंनी आंधळे डोळे सयाजीच्या दिशेने वळवले.

"सयाजी. तू सांग. तुझ्या तोंडाने सांग."

"आई..."

"सांग."

"दादा गेला, आई." सयाजी जमिनीवर बसला. "नवरात्राच्या आधी कळलं. तुला कसं सांगू? तू रोज ती जागा पुसतेस. म्हटलं, सांगितलं तर तू पण जाशील. म्हणून आधी गप्प बसलो, ते तुझ्यासाठीच. खरंच. पोरगं झालं, तेव्हा वाटलं दादाच आला. दुसरं नाव तोंडातून येईचना. आणि मग या बाई दारात आल्या, आणि मला वाटलं, आता अर्धं घर गेलं, अर्धं दुकान गेलं. तिथून मी खोटं बोललो. तिथून सगळं खोटं."

मला वाटलं, आता काकू त्याला घराबाहेर काढतील. मी असतो तर काढलं असतं. पण त्यांनी वेगळंच विचारलं.

"भाऊ गेल्याचं ऐकलंस, आणि अंघोळ केलीस का रे त्याच्या नावाने?"

सयाजीने मान खाली घातली. "केली. दुकानामागच्या नळावर. दुकानात गिऱ्हाईक थांबलं होतं. देवाप्पाला सांगितलं, अंगावर रंग सांडला."

"एकटाच?"

"एकटाच."

काकूंच्या तोंडून तेव्हा जो आवाज निघाला तो मी पुन्हा कधी ऐकला नाही, ऐकायचाही नाही. त्या हंबीरसाठी रडत होत्या आणि नळाखाली एकट्या उभ्या राहिलेल्या या दुसऱ्यासाठीही रडत होत्या, दोन्ही एकदम. शालनने मुलीला खाली ठेवलं आणि जाऊन त्यांना मिठी मारली. दोघींनी एकमेकींना धरून ठेवलं. गंगू आधी घाबरली, मग काकूंच्या लुगड्याला धरून उभी राहिली.

"सगळे चला," काकू शेवटी म्हणाल्या. "विहिरीवर चला. माझा हंबीर गेलाय, आणि या घराने अजून अंघोळ केलेली नाही."

तानूबाई मागोमाग निघाली. नागनाथ लांब उभा राहिला. आम्ही दोघं शेजारी, आमच्यावर ते सुतक नव्हतं, पण अक्का पुढे झाली म्हणून मीही गेलो. ऊन उतरलं होतं, वारा बोचत होता, आणि पुणे मेल सुटायची वेळ होऊन गेल्याचं कुणाच्या ध्यानातही नव्हतं. रहाटाने पाणी वर आलं. आधी काकूंच्या डोक्यावर घातलं, मग तानूबाईच्या.

सयाजीची पाळी आली. तो विहिरीच्या पायरीवर बसला. तानूबाई तांब्या घेऊन पुढे झाली, तशी त्याने हाताने तिला थांबवलं. तांब्या तिच्याकडून घेतला, भरला, आणि शालनपुढे धरला.

"वहिनी," तो म्हणाला, "तुम्ही घाला."

शालनने तांब्या घेतला. तिने डाव्या हाताने डोळे पुसले आणि दिराच्या डोक्यावर पाणी ओतलं.